फायनलच्या आदल्या दिवशी

आमच्या ह्यांना हर्लिंगचं वेड लागलं तेव्हा मला वाटलं, उतरेल. चाळिशीत पुरुषांना काहीतरी खूळ लागतंच. कोणी ब्रिज खेळतं, कोणी गुलाब लावत बसतं. हे गावातल्या क्लबच्या मैदानावर जाऊन चिखलात उभे राहायला लागले, आणि ते मरेपर्यंत राहिले.

गाव उत्तर आयर्लंडमधलं. हिरवंगार वगैरे म्हणतात तसं, म्हणजे वर्षाचे दहा महिने ओलं. ह्यांची तिथे सर्जरी होती, म्हणजे दवाखाना, आणि रिसेप्शनवर मी. गावातल्या प्रत्येकाची मूळव्याध मला माहीत होती आणि माझ्याबद्दल गावाला काडीचं माहीत नव्हतं. मला हे बरं वाटायचं. कोथरूडला आमचा दोन खोल्यांचा फ्लॅट घेऊन ठेवलेला होता. ह्यांनी रिटायर व्हायचं आणि आपण निघायचं, इतकं साधं माझं गणित होतं. मी त्या गावात पंचवीस वर्षं राहिले ती वेटिंग रूममध्ये बसल्यासारखी.

क्लब दोन खेळ खेळायचा. एक गेलिक फुटबॉल, त्यात चेंडू हातात घेऊनही पळता येतं. दुसरं हर्लिंग. त्यात प्रत्येकाच्या हातात पसरट पात्याची लाकडी काठी, तिला हर्ली म्हणायचं, आणि क्रिकेटच्या चेंडूएवढा टणक चेंडू डोक्यावरून सूं सूं जातो. नवख्याला वाटावं मारामारी चालली आहे. कधीकधी ती चाललेलीही असायची. गाव एवढंसं, की दोन्ही संघांत तीच पोरं. या रविवारी काठी, पुढच्या रविवारी नुसते हात. काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, स्पर्धेत दोन्हीकडे हरायचं आणि जानेवारीत पुन्हा अंधारात धावायला सुरुवात करायची.

भुवई फुटलेली पोरं आमच्या किचनमध्ये यायची. माझ्या पोळपाटाच्या बाजूला ह्यांचा सुईदोरा. मी म्हणायचे, "अहो, घर आहे का खाटीकखाना?" हे म्हणायचे, "अगं, दोनच टाके." दोनाचे सहा व्हायचे, पोरगं चहा पिऊन जायचं आणि टेबल पुसायला मी.

आमचा मुलगा तिथेच जन्मला. मराठी कळायचं सगळं, बोलायचा धडपडत. 'तो' आणि 'ती'चा घोळ कायमचा. बावीस-तेवीसचा असेल तेव्हा. शहरात बांधकामाच्या कंपनीत इंजिनिअर म्हणून लागला होता आणि क्लबमध्ये कॉर्नर बॅक होता. म्हणजे गोलच्या कोपऱ्यात उभं राहायचं आणि समोरच्या संघातल्या सगळ्यात चपळ माणसाला चिकटायचं. कौतुकाचं काम नाही. त्याने गोल केला तर शिव्या तुला, नाही केला तर तुला कोणी बघितलंच नाही.

त्या वर्षी पोरं हर्लिंगच्या काउंटी फायनलला पोहोचली. आजोबांच्या पिढीनंतर पहिल्यांदा. अख्ख्या गावात झेंडे. मेंढरांच्या पाठीवरसुद्धा क्लबचा रंग मारलेला मी बघितला. खोटं कशाला बोलू, सर्जरीच्या खिडकीत मीही झेंडा लावला होता.

फायनल रविवारी होती. बुधवारी संध्याकाळी शेवटचं ट्रेनिंग. हे नेहमीप्रमाणे गोलच्या मागे उभं राहून बाहेर गेलेले चेंडू गोळा करून देत होते. एक चेंडू आणायला वाकले आणि बांधावर बसले. पोरांना वाटलं, दमले. मग एकाला वाटलं, फार वेळ बसलेत. आमच्या मुलाने मैदानावरच त्यांची छाती दाबायला घेतली आणि ॲम्ब्युलन्स येईपर्यंत दाबत राहिला. कोणी "आता मी करतो" म्हटलं तर सोडेना. मला बोलवायला माणूस आला तेव्हा मी भात लावला होता. गॅस बंद केला का, हेच मी गाडीत विचारत होते.

जुनं हृदयाचं दुखणं होतं, कागदोपत्री सगळं होतं, त्यामुळे चिरफाड टळली. गुरुवारी सकाळी ह्यांना घरी आणलं. तिथली पद्धत तीच. पेटी बैठकीच्या खोलीत, झाकण उघडं, आणि सगळं गाव एकामागून एक आत. प्रत्येकजण माझा हात हातात घेऊन म्हणायचा, तुमच्या दुःखाबद्दल वाईट वाटतं. आमच्याकडे सुतकात कोणी शिवत नाही, आणि इथे सगळ्या गावाने माझा हात हलवून हलवून खांद्यातून निखळवला. किचन बायकांनी ताब्यात घेतलं होतं. माझ्याच कपबशीत मलाच चहा, माझीच साखर कुठे आहे ते त्या मला सांगणार. हॅमची सँडविचेस एका बाजूला, आमच्यासाठी चीजची वेगळी. लक्षात ठेवून वेगळी केलेली, हे कळत होतं. तरी मला ओरडावंसं वाटत होतं, बाई गं, जा ना सगळे आपापल्या घरी, मला माझ्या नवऱ्याजवळ बसू द्या.

अंत्यविधीची व्यवस्था बघणाऱ्या माणसाने दुपारी येऊन सांगितलं, जाळायचं असेल तर बेलफास्टला न्यावं लागेल. अख्ख्या प्रांतात तेवढी एकच जागा, त्या आठवड्यात गर्दी, मंगळवारच्या आधी वेळ नाही. मी म्हटलं, मंगळवार तर मंगळवार. माझ्या डोक्यात पक्कं होतं. मंगळवारी अग्नी द्यायचा, अस्थी घ्यायच्या, नाशिकला विसर्जन करायचं आणि तिथून सरळ कोथरूड. परत यायचंच नाही. त्या तीन दिवसांत एवढाच एक विचार मला उभं ठेवत होता, की ह्यांना मी इथून घेऊन जाणार.

संध्याकाळी क्लबचा चेअरमन आला. गाईंचा धंदा होता त्याचा. मोठा धिप्पाड माणूस, टोपी गुडघ्यावर ठेवून बसला.

"कधीचं ठरतंय, मिसेस?"

"मंगळवार."

"मंगळवार," तो म्हणाला आणि चहा ढवळत बसला. चहात साखर नव्हती. "तुम्हाला सोयीचं असेल तसं. आम्ही काही म्हणत नाही."

तिथल्या माणसांची ही खोड. म्हणत काही नाहीत आणि उठतही नाहीत. तो कितीतरी वेळ बसला, ह्यांनी त्याच्या बायकोला कसं वाचवलं ते सांगितलं, गाईंबद्दल सांगितलं, आणि गेला. मला काही कळलं नाही. बिचारा दुःखात आहे असं मला वाटलं.

तो गेल्यावर मुलाने सांगितलं. गावातला माणूस मातीवर असताना, म्हणजे पुरायचा राहिलेला असताना, क्लब खेळत नाही. ते कुठे लिहिलेलं नाही, पण कधी खेळले नाहीत आणि खेळणार नाहीत. आणि फायनल पुढे ढकलायला काउंटी तयार नव्हती. एकदा आधीच ढकलून झाली होती, आणि जिंकणाऱ्याला त्याच्या पुढच्याच रविवारी प्रांताच्या स्पर्धेत उतरायचं होतं. शनिवारपर्यंत पुरलं तर रविवारी खेळता येईल. मंगळवार म्हटलं तर मॅच दुसऱ्यांना आंदण.

"मग?" मी म्हटलं.

"मग काय. सगळे म्हणतात, तुझ्या आईची इच्छा."

"मग झालं तर. माझी इच्छा मंगळवार."

तो उठला. बाहेरच्या खोलीत जाऊन बापाशेजारी बसला.

रात्री माझे धाकटे दीर कार्डिफहून आले. तिथल्या मोठ्या हॉस्पिटलात कन्सल्टंट. दहा वर्षांत दोनदा आमच्याकडे आले असतील, पण आल्या आल्या सगळी सूत्रं हातात. "वहिनी, घरात बॉडी ठेवून लोक सँडविचेस खातायत? हे काय चाललंय?" मी म्हटलं, "भावोजी, चहा घ्या." पुतण्याने त्यांना शनिवारचं सुचवून बघितलं असावं, कारण थोड्या वेळाने ते किचनमध्ये आले आणि दार लावून घेतलं. "आपल्यात संन्याशाला पुरतात, नाहीतर तान्ह्या बाळाला. दादा दोन्ही नव्हता. तुम्ही खंबीर राहा."

खंबीर राहा म्हणे! उंटावरून शेळ्या हाकायला काय जातं? त्यांनी ह्यांना शेवटचा फोन गणपतीत केला होता. पण म्हणणं माझंच होतं, म्हणून मी मान हलवली. माझ्या बाजूने बोलणारा तेवढाच एक माणूस, आणि त्याचाच मला सगळ्यात राग येत होता.

शुक्रवारी सकाळी मुलगा घरात दिसेना. मी किचनमधल्या बायकांना विचारलं. एकजण कप पुसत राहिली. दुसरी म्हणाली, "वर गेलाय वाटतं, चर्चकडे." आणि तिसरीने तिच्याकडे असं बघितलं की मी कोट चढवला आणि सपाता पायात तशाच ठेवून निघाले.

चर्चच्या मागे चढावर कबरस्तान. वरच्या अंगाला नवीन तुकडा आहे, तिथून क्लबचं मैदान दिसतं. तिथे पोरं उभी होती, फावडी घेऊन. एकाच्या कपाळावरचे टाके अजून काढायचे राहिले होते, ह्यांनीच घातलेले. मला बघून सगळ्यांनी टोप्या काढल्या. खड्ड्यात दोघं होते. एक वर चढून आला. दुसरा पाठमोरा होता, तो खणतच राहिला. ती मान मी लहानपणापासून पुसली आहे.

खरं म्हणजे तिथे घरच्या माणसाने खणायचं नसतं. शेजारी खणतात, क्लबची पोरं खणतात, घरच्यांनी घरात बसायचं. चेअरमन पुढे आला आणि हळूच म्हणाला, "आम्ही नको म्हणत होतो, मिसेस. ऐकेना. तो म्हणाला, तुमची हरकत नाही." फादरनाही विचारून झालं होतं. त्या तुकड्यात प्रत्येक कबर वेगवेगळी मंत्रवतात, ह्यांची तेवढी मंत्रवायची नाही, मग कसलीच अडचण नाही, असं फादर म्हणाले होते. सगळ्यांनी सगळ्यांना विचारलं होतं. जिचा नवरा, तिला सोडून.

माझं डोकंच फिरलं. "बाहेर ये," मी मराठीत म्हटलं.

"नाही."

"बाहेर ये म्हणते ना! कोणाला विचारून चाललंय हे? मी मेले नाहीये अजून!"

"आई, ओरडू नको. सगळे ऐकतात."

"ऐकू देत! त्यांना काय कळतंय? एका मॅचसाठी बापाला चिखलात घालतोस? मॅच गेली खड्ड्यात!"

तोंडातून गेलं आणि मलाच ऐकू आलं. त्याने फावडं टेकवलं आणि वळला. तोंडभर माती. हाताचे फोड फुटून मुठीवर रक्त आलेलं.

"बाबाला तू विचारली होती?" तो म्हणाला. "त्याला पुण्याला जायचं होतं का? कधी विचारली?"

मी काय सांगणार? आमच्या घरात मरणाचा विषय निघायचाच नाही. ह्यांनी एकदा विल करूया म्हटलं होतं, तर मी "शुभ बोल नाऱ्या" म्हणून उठून गेले होते. ह्यांना काय हवं होतं ते मला माहीत नव्हतं. मला काय हवं ते मला माहीत होतं आणि तेच ह्यांचंही असणार असं मी धरून चालले होते. सगळ्या बायका धरून चालतात.

"बाबा इथला होता," तो म्हणाला. "तू नव्हती. तू कायम बॅग भरून बसलेली. मी पण इथला आहे, आई. तू बाबाला घेऊन जाणार, मग मी कुठे येऊ? नदीवर?"

"अरे, पण आपल्यात..."

"आपल्यात आग कोण देतो? मुलगा देतो ना? मग इथे माती मी देणार. ते पण दुसऱ्याला देऊ का?"

आणि मग तो रडायला लागला. बुधवारपासून एकदाही रडला नव्हता. लोकांचे हात हलवत होता, खुर्च्या लावत होता, पाहुण्यांना गाड्यांपर्यंत पोचवत होता. आता त्या खड्ड्यात उभा राहून लहान मुलासारखा, नाक ओढत. सगळी पोरं पाठ करून मैदानाकडे बघत उभी राहिली. एकानेही मान वळवली नाही. मी कडेला गुडघ्यावर बसले आणि हात पुढे केला, पण तो खाली आणि मी वर, पोचेना.

मी म्हटलं, "खण."

त्याला ऐकू गेलं नाही. मी पुन्हा म्हटलं, "खण बाबा. पूर्ण कर."

ते संपेपर्यंत मी तिथे उभी होते. कोणीतरी माझ्या खांद्यावर क्लबचा जाड कोट टाकला. माझ्या सपाता चिखलात रुतल्या आणि मी त्या काढायचाही प्रयत्न केला नाही. माझं कोथरूड मी त्यांच्या फावड्यांनी बाहेर पडताना बघत होते. रागाने माझे दात वाजत होते, आणि तरी त्याला थांबवायला तोंड उघडत नव्हतं. आपलेच दात, आपलेच ओठ.

दिरांना सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "वहिनी, तुम्ही नंतर पस्तावाल." मी म्हटलं, "भावोजी, नंतरचं नंतर." पण त्यांचंही सांगायला हवं. शनिवारी ते सर्वांत पुढे होते. त्यांना गीतेचा पंधरावा अध्याय पाठ होता, तो त्यांनी त्या वाऱ्यात मोठ्याने म्हटला. मडकं कुठून आणणार? बागेतली मातीची कुंडी घेतली, तळाला भोक असलेली, उलट सोयीचीच. मुलाने ती पाण्याने भरून खांद्यावर घेतली आणि कबरीभोवती तीन फेऱ्या मारल्या. पाणी त्याच्या सुटावरून खाली वाहत होतं. मग मागे न बघता फोडली. दोन्ही बाजूंनी संघ उभा होता, क्लबचे शर्ट घालून, उघड्या डोक्यांनी. कुंडी फुटली तेव्हा त्यांच्यातल्या एकाने छातीवर क्रूस काढला, मग ओळीने सगळ्यांनी. पेटी सहा-सहा जणांनी खांदे बदलत आणली होती. दोरांनी खाली सोडताना ज्यांच्या हातात दोर होते त्यांना ह्यांनी जन्मल्या जन्मल्या बघितलेलं. मी तुळशीची पानं आणि गंगाजलाची बाटली घेऊन गेले होते. बाटली हातातच राहिली. घरी आल्यावर लक्षात आलं.

आमच्याकडे बायका स्मशानात जात नाहीत. मी गेले. माती पडण्याचा आवाज मी ऐकला. आगीला निदान तो आवाज नसतो.

शुक्रवारपासूनच पाऊस लागला होता. शनिवारी रात्रभर कोसळला. रविवारी सकाळी मी मुलाला पोहे करून दिले, सुतक-बितक सगळं गुंडाळून ठेवलं होतं मी एव्हाना. त्याने बॅग भरली, बापाचा मफलर गळ्यात घातला, दारात माझ्या पाया पडला. कधी पडत नसे. तेवढ्यात फोन वाजला. रेफरीने मैदान बघितलं होतं. एका गोलसमोर घोट्याच्या वर पाणी साचलेलं. मॅच रद्द.

मी विचारलं, "रद्द म्हणजे?"

"पुढच्या रविवारी."

"आणि ते प्रांताचं?"

"ते पण एक आठवडा पुढे. त्यांनी केला."

माणूस मेला म्हणून जे हलत नव्हतं ते पाण्यासाठी अर्ध्या तासात हललं. मंगळवार आरामात बसला असता. बुधवार बसला असता. मी किचनमध्ये खुर्चीवर बसले आणि हसायला लागले. खूप वेळ हसले. मुलगा दारात बॅग घेऊन उभा, घाबरून माझ्याकडे बघतोय. "आई, बस ना. आई, प्लीज." वरातीमागून घोडं म्हणतात ते हेच, मी त्याला सांगितलं, पण ती म्हण त्याला येत नव्हती आणि समजावून सांगायची माझ्यात ताकद नव्हती.

पुढच्या रविवारी ते हरले. थोडक्यात नाही, चांगले सपाटून. आमच्या मुलाच्या वाट्याचा माणूस त्याच्या हातून पुन्हा पुन्हा सुटत होता आणि मध्यंतराला त्याला बाहेर काढलं. मी गेले होते, तिकीट काढून, ह्यांच्या जागी नाही तर वर स्टँडमध्ये. शेजारचा कोणी म्हणाला, "त्या कॉर्नर बॅकचं लक्षच नाहीये." मी म्हटलं, "त्याचा बाप मेलाय." थोड्या वेळाने त्या बिचाऱ्याने मला पेपरमिंटची गोळी देऊ केली. मी घेतली.

त्यानंतर मी दोनदा पुण्याला गेले. फ्लॅट झाडला, पडदे शिवून घेतले, बहीण म्हणाली आता राहा. पहिल्या खेपेला महिनाभर टिकले. रोज सकाळी जाग आली की वाटायचं, आपण कोणाला तरी बाहेर पावसात विसरून आलो आहोत. अस्थी असत्या तर सोडून दिल्या असत्या आणि मोकळी झाले असते. माणूस जमिनीत ठेवला की तो तिथेच असतो. त्याच्याकडे पाठ करता येत नाही. दुसऱ्या खेपेला फ्लॅट विकून आले.

मुलाचं मात्र उलट झालं. दोन-तीन वर्षांत बांधकामं सगळीकडे थांबली, त्याची कंपनी बुडाली. एकामागून एक पोरं ऑस्ट्रेलियाला निघाली. क्लबला फुटबॉलचा संघ उभा करता येईना, हर्लिंगसाठी शेजारच्या गावाशी जोडून घ्यावं लागलं. मग हाही पर्थला गेला. "दोन वर्षं, आई," म्हणाला. एअरपोर्टवर मला म्हणाला, "बाबाकडे बघ." मी म्हटलं, "बघते." दुसरं काय म्हणणार? मी कुठे येऊ, असं विचारणारा गेला, आणि जिला जायचं होतं ती राहिली. त्या एअरपोर्टच्या कारपार्कमध्ये मला त्याचा इतका राग आला होता की गाडी सुरू करता येईना.

तोपर्यंत ह्यांच्या कबरीवर दगड नव्हता. मी टाळत होते. नुसतं लाकडी फळीवर नाव. गवत क्लबचे लोक कापायचे, मला न सांगता. शेवटी चेअरमन एका दुपारी आला, गाई विकून टाकल्या होत्या त्याने, म्हातारा दिसायला लागला होता. म्हणाला, दगड क्लब बसवील, तुम्ही फक्त काय लिहायचं ते सांगा. मी ह्यांचं नाव मराठीत लिहून दिलं, खाली इंग्रजीत. त्याने कागद लांब धरून बघितला.

"हे वरच्या अर्ध्यात बसवू," तो म्हणाला. "खालचा अर्धा कोरा ठेवायला सांगतो."

"कोरा कशाला?"

"तुमच्यासाठी, मिसेस."

मला वाटलं, माझं ऐकण्यात काही चुकलं. तो टोपी फिरवत म्हणाला, "आत जागा आहे ना. आम्ही खोल नेलं होतं, दोघांच्या मापाचं. इथे जोडप्याचं तसंच करतात. एकाच्या मापाचं करून थांबत होतो आम्ही, तुमचा मुलगाच म्हणाला, नाही, दोघांचं करा." आणि वर, माझं समाधान व्हावं म्हणून, "कोरडी आहे हो जमीन, त्या कोपऱ्यात."

तो गेल्यावर मी पर्थला फोन लावला. तिकडे रात्र झाली होती, मागे कुणीतरी हसत होतं, बाटल्यांचा आवाज येत होता.

"तुला माहीत होतं?" मी म्हटलं.

"काय?"

"दोघांचा खणलात ते."

मागचे आवाज कमी झाले. तो बाहेर आला असावा. "हो," म्हणाला. "बाबा खाली, वर तू. मला वाटला, तुला एकटी नको वाटेल."

"अरे, माझं मला एकदा विचारायचंस तरी!"

 तो अगदी हळू, मला लागू नये अशा बेताने म्हणाला,

"तू तिथेच उभी होती ना, आई."